पुढे न गेलेला वाडगा

पुण्यात थंडी आल्याची नोंद वेधशाळा करते ती वेगळी आणि घरात होते ती वेगळी. घरातली नोंद अशी की, पहाटे कुणीतरी अर्धवट झोपेत म्हणतं, "पंखा बंद करा," आणि दुसरं कुणीतरी निमूटपणे उठून तो बंद करतं. त्या क्षणापासून पुढच्या काळाला मी हिवाळा म्हणते. मग दिवसभरात लोखंडी कपाटाच्या वरच्या खणातून रजया निघतात, डांबराच्या गोळ्यांचा वास खोल्याखोल्यांतून हिंडतो, आणि कर्वेनगरच्या आमच्या सोसायटीच्या मागच्या बाजूला पालापाचोळा पेटवला जातो. तिथे पालापाचोळा पेटवू नये अशी पाटी आहे. पाटीच्या खालीच पेटवतात, कारण पाटीमुळे वारा लागत नाही.

या वर्षी तो धूर आला आणि त्याच्या मागोमाग आणखी एक वास आला. त्याला इथे असण्याचं काही कारण नव्हतं. ओलसर दगड, कोळसा आणि नव्या चटईचं सुकं गवत, असा मिळून तो वास होता. मी स्वयंपाकघर पाहिलं, गॅस पाहिला, गॅलरीतून खाली वाकून पाहिलं. कोणतीही गोष्ट आली की ती कुठून आली हे आधी तपासायचं, ही माझी जुनी सवय. तपासाअंती असं ठरलं की वास बाहेरून आलेला नव्हता. तो क्योतोतल्या एका लहानशा खोलीतला होता, आणि त्या खोलीतून आम्ही परतलो त्यालाही आता काही हिवाळे होऊन गेले आहेत.

या सवयीबद्दल थोडं सांगायला हवं. नारायण पेठेतल्या एका शाळेत मी विज्ञान शिकवलं. लोकांना वाटतं शिक्षकाचं आयुष्य शिकवण्यात जातं. त्यातला बराचसा भाग परीक्षेच्या वर्गात न बोलता उभं राहण्यात जातो. तिथे मला एक नियम सापडला. कॉपी करणारं मूल चेहऱ्याने कधीच पकडलं जात नाही, ते हातांनी पकडलं जातं. चेहऱ्याला निरागसपणा शिकवता येतो, हातांना येत नाही. म्हणून मी हात बघत असे. माझे पती माधवराव पाटबंधारे खात्यात होते. घरी माझा हाच स्वभाव पाहून ते मला 'सुपरवायझर बाई' म्हणत आले आहेत, आणि त्यात कौतुकाचा भाग किती हे मी कधी विचारलेलं नाही.

सध्या आमच्या भागात कॉलेजांच्या रस्त्यावर जपानी हिरव्या चहाची दुकानं निघाली आहेत. पारदर्शक पेल्यात तळाशी दूध, वर बर्फ, आणि शेवाळासारखा खाली उतरत जाणारा हिरवा रंग. मुलं तो नळीने ढवळत फोनकडे पाहत उभी असतात. पाटीवर 'माचा' असं लिहिलेलं असतं. परवा फिरून येताना माधवराव त्या पाटीसमोर थांबले.

"घ्यायचा का?"

"बर्फ घातलेला चहा?"

"अगं, चव तरी बघू."

"चव मला माहीत आहे. तुम्हाला तर माझ्याहून जास्त माहीत आहे."

ते हसले आणि आम्ही पुढे निघालो. तो प्रसंग आमच्यात आता हसण्यावारी नेता येतो. तेव्हा नेता येत नव्हता.

त्या वर्षी श्रावण सरता सरता एकदा जेवताना ते अचानक म्हणाले, "जपानला जाऊन येऊ."

"कुठे?"

"जपान. तुझी ती रेवती बोलावते आहे ना दरवर्षी."

"ती दरवर्षी बोलावते आणि तुम्ही दरवर्षी 'बघू' म्हणता. यंदा काय झालं?"

"यंदा बघितलं."

रेवती ही माझी जुनी विद्यार्थिनी. क्योतोत भाषांतराचं काम करते आणि दिवाळीला न चुकता फोन करते. तिच्या आमंत्रणात संशयास्पद काही नव्हतं. संशयास्पद होता तो होकार. ज्या माणसाने काश्मीरची सहल 'पुढच्या वर्षी' या दोन शब्दांवर नोकरीभर टोलवली, तो आपण होऊन पासपोर्टच्या मागे लागला होता. माणूस अचानक उदार झाला की त्याचं कारण शोधावं, असं माझं मत आहे.

त्याच सुमाराला घरात काही बारीक बदल झाले होते. माधवरावांनी आयुष्यभर चहा बशीतून प्यायला. कपातला चहा बशीत ओतायचा, बशी बोटांवर तोलायची, एक फुंकर मारायची आणि मग तो भुरका, ज्यावरून लग्नानंतरचं आमचं पहिलं भांडण झालं. एके दिवशी बशी ओट्यावरच राहिली. मग ती रोजच राहू लागली. "पित्त होतं, अर्धाच कप देत जा," असं ते म्हणाले. अर्ध्या कपाचा आणि बशीचा संबंध काय, हे मी विचारलं नाही, लक्षात ठेवलं. वर्तमानपत्र ते हातात उंच धरून वाचत, ते आता टेबलावर पसरून वाचू लागले. चष्म्याचा नंबर बदलला असेल, म्हणाले. नाडीचे बूट जाऊन चिकटपट्टीचे आले. प्रवासाला सोयीचे, म्हणाले. प्रत्येक उत्तर बरोबर होतं, आणि शिक्षकाला शंका येते ती इथेच. ज्या उत्तरपत्रिकेत एकही खाडाखोड नाही ती मी नेहमी दुसऱ्यांदा तपासत असे.

पण संशय असणं आणि तो योग्य दिशेला असणं या वेगळ्या गोष्टी आहेत. मला वाटलं, सकाळच्या कट्ट्यावर कुणीतरी युरोप करून आलं असावं आणि यांच्या मनाने ते घेतलं असावं. उतारवयात माणसं तरुण दिसण्यासाठी काहीबाही करतात, त्यातला हा प्रकार असावा. नवे बूट, अर्धा चहा, परदेशवारी. सगळं व्यवस्थित जुळत होतं. चुकीची उत्तरंही व्यवस्थित जुळतात, हे मी वर्गात इतक्या वेळा सांगितलं होतं.

क्योतोत पोचलो तेव्हा मेपलची पानं लाल झाली होती. आपल्याकडे पळस फुलतो तेव्हा लाल असतं ते फूल. तिथे झाडच्या झाड निखाऱ्यासारखं पेटून शांतपणे उभं होतं. खाली मखमली शेवाळ, त्यावर मोजकी पानं, आणि एकही पान कुजलेलं नाही. हे मला पटेना.

"रेवती, ही पानं रोज कुणी निवडून ठेवतं का गं?"

"बाई, काही बागांमध्ये खरंच वेचतात."

"वाटलंच मला."

माधवराव म्हणाले, "झालं समाधान? आता जरा झाड बघ."

चहाला जायचं रेवतीनेच ठरवलं होतं. ती तिथल्या एका वृद्ध शिक्षिकेकडे चहाचा विधी शिकत होती. त्या बाईंना ती 'सेन्सेई' म्हणे, म्हणजे आपल्याकडचं 'बाई'च. निघताना रेवती मला बाजूला घेऊन म्हणाली, "बाई, एक रिक्वेस्ट आहे. तिथे गेल्यावर प्लीज क्रॉस-एक्झामिन करू नका."

मी शब्द दिला. पण शंका घ्यायला तोंड उघडावं लागत नाही. मुळात चहासाठी अर्धा दिवस ही कल्पनाच मला खटकत होती. आपल्याकडे चहा हा वेळ वाचवण्याचा उपाय आहे. पाहुण्याला 'जेवायला थांबा' म्हणायचं नसलं की 'चहा घेणार का' असं विचारतात, आणि पाहुणाही जाणता असला तर 'आत्ताच झाला' म्हणून उठतो. त्या हिशेबाने जो चहा अर्धा दिवस चालतो त्यात चहाखेरीज काहीतरी असलंच पाहिजे.

बागेत दगडाचं एक पाण्याचं भांडं होतं. बांबूच्या पळीने हातावर पाणी घ्यायचं, चूळ भरायची. पाणी इतकं गार की दात कळवळले. मला आचमनाची आठवण झाली, पण मी ती आवरली. परदेशी गेलेला पुणेकर तिथली प्रत्येक गोष्ट आपल्याकडे आधीपासून होती असं सिद्ध करून परततो, आणि त्या कार्यात मला भर घालायची नव्हती. पुढे खोलीचं दार. ते इतकं ठेंगणं की रांगतच आत शिरावं लागतं. आत येताना सगळे सारखे व्हावेत, पूर्वी सामुरायांच्या तलवारीसुद्धा बाहेर राहत, असं रेवतीने सांगितलं. कारण चांगलं होतं. इतकं चांगलं की ते दारानंतर सुचलं असावं असं मला वाटलं. माधवराव माझ्यापुढे रांगत गेले. जाताना त्यांनी डावा हात पालथा न टेकता मूठ मिटून टेकला. मला वाटलं, गार चटई हाताला लागू नये म्हणून.

खोलीत जवळजवळ काही नव्हतं. भिंतीतल्या कोनाड्यात एक अक्षरांचा लांब कागद, त्याखाली बांबूच्या नळीत एकच कळी. जमिनीत चौकोनी खळगा करून त्यात निखारे ठेवलेले, वर लोखंडी किटली. हा खळगा उन्हाळाभर झाकून ठेवतात आणि याच महिन्यात उघडतात; त्यांचा हिवाळा तिथून सुरू होतो. किटलीतून येणारा आवाज उकळण्याचा नव्हता. दूरवरच्या झाडांतून वारा जावा तसा होता. आमच्या गुडघ्यांची दया येऊन बुटक्या बैठका दिल्या होत्या. वडीलधारे म्हणून माधवरावांना पहिल्या पाहुण्याची मानाची जागा मिळाली, मग मी, शेवटी रेवती.

आधी मिठाई आली. मेपलच्या पानाच्या आकाराची, आत लाल कडधान्याचं गोड पुरण. मग सेन्सेई आत आल्या. राखाडी किमोनो, पांढरे केस, चेहऱ्यावर कसलीही घाई नाही. त्यांनी चहाची डबी घेतली आणि रेशमी रुमालाने पुसली. ती आधीच स्वच्छ होती. लाकडी चमचा पुसला. तोही स्वच्छ होता. स्वच्छ वस्तू आपल्या डोळ्यांसमोर पुन्हा पुसून दाखवणं, हे मला जादूगाराने खेळाआधी बाह्या वर करून दाखवाव्यात तसं वाटलं. म्हणून मी त्यांच्या हातांवरून नजर काढली नाही. आणि म्हणूनच, माझ्या शेजारी जे हात होते त्यांच्यावर माझी नजर नव्हती.

काळसर जुना वाडगा तयार झाला. रेवती कुजबुजली, "हा दाट चहा आहे. तिघांना मिळून एकच वाडगा. काका, आधी तुम्ही थोडा प्यायचा, मग या कापडाने कड पुसायची आणि वाडगा बाईंच्या हातात द्यायचा. मग बाई पितील, मग मी. कोविडमध्ये हे बंद होतं, सेन्सेईंनी आत्ता पुन्हा सुरू केलंय. एकाच वाडग्यातून पिणं हाच यातला मुख्य भाग."

ज्यांचं बालपण जुन्या पेठांत गेलं त्यांना पुढची अडचण समजावून सांगायला नको. इतरांसाठी सांगते. आमच्या घरी पाण्याचं भांडंसुद्धा ओठाला लावत नसत. पाणी वरून प्यायचं. ओठ लागला की भांडं उष्टं, आणि उष्टं दुसऱ्याला देणं हा त्याचा अपमान. मी वाडग्यात डोकावले. हा चहा वरून पिता येईल का, असा विचार खरोखर माझ्या मनात आला. येणार नव्हता. तो भिजवलेल्या मेंदीइतका दाट होता.

माधवरावांनी वाडगा दोन्ही हातांनी उचलला, कोपरं बरगड्यांशी घट्ट घेतली आणि एक घोट प्यायला. सेन्सेईंनी चहा कसा आहे ते विचारलं. ते विचारण्याचा प्रघात आहे. पढवल्याप्रमाणे ते उत्तम म्हणाले. दुसरा घोट घेतला. आणखी एक घेतला.

"काका," रेवती हळूच म्हणाली, "आता बाईंना."

त्यांनी ऐकलं असावं, कारण त्यांचे डोळे क्षणभर वाडग्याच्या कडेवरून माझ्याकडे वळले. मग वाडगा आणखी कलला. तळाशी राहिलेला चहा सावकाश घसरत खाली येतो. तो येईपर्यंत ते थांबले. वाडगा रिकामा झाला. तो त्यांनी आपल्याच पुढ्यात चटईवर ठेवला आणि हिरव्या मिशा घेऊन म्हणाले, "माणसाने उष्टं कसं द्यायचं दुसऱ्याला? आमच्यात नाही चालत. सांग त्यांना."

रेवतीने काय भाषांतर केलं ते तिचं तिला ठाऊक. सेन्सेईंनी वाकून काही उत्तर दिलं.

"त्या म्हणताहेत, चूक त्यांची आहे. त्यांनी आधी विचारायला हवं होतं." आणि मग खालच्या आवाजात, "काका, तिघांचा प्यायलात. आज तुम्ही झोपत नाही."

"बघू," माधवराव म्हणाले.

सेन्सेई स्वतः उठून आल्या आणि त्यांनी तो वाडगा नेला. रिकामा वाडगा पाहुण्याने नेऊन द्यायचा असतो, असं मला नंतर कळलं. त्या का उठल्या यावर मी पुष्कळ विचार केला आहे. त्यांना काही दिसलं की ते नुसतं सौजन्य होतं, याचा निर्णय मला आजही देता येत नाही.

रेवती हसू दाबत होती. मला हसू आलं नाही, कारण 'आमच्यात नाही चालत' हे वाक्य खोटं होतं. हा माणूस लग्नाआधी चावलेला पेरू माझ्या हातावर ठेवून 'बघ, गोड आहे' म्हणणारा. माझ्या आईच्या देखत माझ्या ताटात उरलेली पुरणपोळी उचलून खाणारा. आई मला स्वयंपाकघरात गाठून म्हणाली होती, "जावई सोन्यासारखे आहेत गं, पण सोवळ्याओवळ्याचं नाव नाही." ज्याने आयुष्यभर उष्टं मानलं नाही, त्याला ते परक्या देशात, माझ्याच बाबतीत आठवलं होतं.

तेव्हा कुठे मी सेन्सेईंचे हात सोडले आणि यांचे पाहिले. ते मांडीवर होते, उजव्याखाली डावा दाबून ठेवलेला. बाकाखाली काही दडवणारं मूल असंच बसतं. खालचा हात थरथरत होता, आणि दाबणारा वरचा हातही त्याच्याबरोबर हलत होता.

बशी, वर्तमानपत्र, बूट. सगळी उत्तरं जागची हलली आणि नव्या क्रमाने उभी राहिली. दोन्ही हातांनी छातीशी धरलेला वाडगा स्थिर राहतो. तोच वाडगा हात लांबवून दुसऱ्याच्या हातात द्यायचा म्हटलं की राहत नाही. सेन्सेईंचा तो जुना वाडगा फुटण्यापेक्षा आपण कर्मठ ठरलेलं बरं, एवढं त्यांनी दोन घोटांच्या मध्ये ठरवलं होतं.

दुसरा वाडगा झाला. कडूपणा जिभेच्या मागे जाऊन बसला आणि मग तिथून एक मंद गोडी आली. मी माझ्या वाट्याचा प्यायले, कड पुसली, वाडगा रेवतीच्या हातात दिला. उष्ट्याचा विचार मनात आलाही नाही.

रेवती भांडी आवरायला मागे थांबली आणि आम्ही दोघं बसथांब्यावर येऊन बसलो. दुपार कलली होती. आता त्यांचा हात उघड थरथरत होता आणि ते तो लपवत नव्हते.

"चहा चढला," ते म्हणाले. "तिघांचा प्यायल्यावर कुणाचाही हात थरथरेल."

हेही उत्तर बरोबर होतं. क्षणभर मला शंका आली की या उत्तरासाठीच ते एवढा चहा प्यायले असतील.

"डॉक्टरांकडे कधी गेला होतात?" मी विचारलं.

एक बस आली, थांबली, गेली. ती आमची नव्हती.

"श्रावणात."

"एकटे?"

"रिक्षावाला होता."

"काय म्हणाले?"

"कंपवात. सुरुवात आहे म्हणाले. गोळ्या चालू केल्यात."

"आणि बायकोला सांगू नका, हेही तेच म्हणाले?"

"सांगणारच होतो. परत गेल्यावर."

"परत गेल्यावर का?"

ते समोरच्या रस्त्याकडे पाहत होते. बोलले ते अगदी साध्या आवाजात, भाजी कोणती आणायची ते सांगावं तसं. "सांगितलं की तू बघायला लागशील. आत्ता बघते आहेस ना, तशी. उठलो तर बघशील, बसलो तर बघशील, घास तोंडापर्यंत पोचतो का ते बघशील. तुझं चुकतं असं नाही म्हणत मी. तू तशीच आहेस. पण एक प्रवास मला असा हवा होता, की तू माझ्याकडे न बघता झाडांकडे बघशील."

झाडांकडेही मी संशयानेच पाहिलं होतं, हे मी त्यांना सांगितलं नाही. मी मान वळवून समोरच्या मेपलकडे पाहिलं आणि पाहत राहिले. पाहणं इतकं अवघड असतं हे मला ठाऊक नव्हतं. नजर पुन्हा पुन्हा सुटून त्या हाताकडे जाऊ पाहत होती आणि मी ती धरून ठेवत होते.

तेव्हापासूनचे हिवाळे मी हेच शिकण्यात घालवले आहेत. आजार किती पुढे गेला आणि औषधांनी किती रोखला, ते इथे लिहीत नाही; ती माहिती त्यांची आहे. मला सांगायचं आहे ते न पाहण्याविषयी. लक्ष नसणं आणि न पाहणं यांत फरक आहे. लक्ष नसलेल्या माणसाला काही कळत नसतं. न पाहणाऱ्याला सगळं कळत असतं आणि तरी तो दुसरीकडे तोंड करून उभा राहतो. पर्यवेक्षकाला याचं प्रशिक्षण कुणी देत नाही. चूक झाली की त्यांचा प्रश्न ठरलेला असतो, 'काय बघतेस?', आणि त्याला माझ्याकडे एकही बरोबर उत्तर नसतं.

आज सकाळी आम्ही फिरायला निघालो. कुलूप लावायचं काम त्यांचं आहे, ते त्यांनी सोडलेलं नाही. मी दोन पायऱ्या उतरून जिन्याच्या खिडकीशी उभी राहिले. समोरच्या इमारतीच्या पाण्याच्या टाकीवर कबुतरं अंग फुगवून बसली होती. मागे किल्ली कुलपाच्या पत्र्यावर वाजत होती. वरच्या मजल्यावरची सून कामावर निघाली होती, ती आमच्या दारापाशी थबकली. आधी त्यांच्याकडे, मग माझ्याकडे बघू लागली. ती नजर मी ओळखते.

"काकू, किल्ली अडकते का? मी लावून देऊ?"

"नको," मी म्हटलं. "आम्हाला घाई नाही."

ती उतरून गेली. किल्ली घसरली, पुन्हा टेकली. मी कबुतरांकडे बघत राहिले.